डोईफोडे सरांचा कीबोर्ड

पहिलाच शब्द चुकला. मी 'माननीय' मारलं आणि पडद्यावर उमटलं 'ताललीय'.

घाई झाली असेल म्हणून पुसलं. खुर्ची पुढं ओढली, मनगटं सैल सोडली आणि परत मारलं. ताललीय. 'महाराष्ट्र' मारलं तर तहाराष्ट्र. 'न्यायालयात' मारलं तर असं काही आलं की वाचायला जीभ वळेना.

आजूबाजूला सगळ्यांच्या कळा चालू होत्या. नांदेडच्या इंजिनीअरिंग कॉलेजची लॅब होती, थंडगार, काचा लावलेली. चाचणीआधी सरावाला काही मिनिटं दिली होती. शेजारी परभणीकडचा एकजण बसला होता. त्याच्या पडद्याकडं मी चोरून बघितलं. त्याचं 'माननीय' माननीयच होतं.

ही माझी शेवटची चाचणी होती. आम्हा वडार लोकांना वयाची सवलत असते, तीसुद्धा त्या साली संपत होती. लेखी परीक्षा मी पास झाले होते. यादीत नाव छापून आलं होतं, चंद्रकला इटकर. आता मिनिटाला तीस शब्द मराठीत टाइप करून दाखवले की जिल्हा परिषदेत लिपिक. नाही दाखवले की परत देगलूरच्या नगरपालिकेत रोजंदारीवर, पाणीपट्टीच्या खिडकीत. साहेब बदलला की नव्या साहेबाच्या दारात हात जोडून उभं राहायचं, 'ठेवता का सर' म्हणत.

आणि तीस म्हणजे मला काहीच नव्हतं. डोईफोडे सरांच्या क्लासमध्ये माझ्याइतक्या वेगानं कुणी मारत नव्हतं. माझा बाप दगड फोडायचा. त्याची बोटं अशी वाकडी झाली होती की जेवताना भाताचा घास नीट धरता यायचा नाही. पहिल्या दिवशी सरांनी माझा हात उलटापालटा करून बघितला आणि म्हणाले, "ही बोटं यंत्रासाठीच आहेत गं." असं मला आधी कुणीच म्हटलं नव्हतं. नगरपालिकेतला हेडक्लार्क तर म्हणायचा, "वडाराची बाई टाइप करणार? कीबोर्ड फोडशील."

"अक्का," मागून कुजबुज आली. "तुमचंबी तसंच व्हायलंय काय?"

मुनीर होता. मुनीर शेख. देगलूरला बसस्टँडजवळ त्याचं मोबाइल-कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान होतं आणि टायपिंग माझ्याच क्लासला झालेलं. यादीत त्याचंही नाव होतं. त्या बॅचला डोईफोडे सरांचे आम्ही दोघंच.

"मी माझं नाव टाकून बघितलं," तो म्हणाला. "तुलीर आलं. तुलीर शेख. अम्मी ऐकली तर चपलीनं मारंल."

मला हसू आलं नाही. मी हात वर केला.

पर्यवेक्षक मॅडम आल्या. इस्त्रीची सुती साडी, हातात पॅड. "काय झालं?"

"मॅडम, कीबोर्ड खराब आहे."

"माझाबी," मुनीर म्हणाला.

"दोघांचाही? पुढं-मागं बसलेल्यांचा?" त्यांनी दाराकडं बघून हाक मारली. "कोटलवार, बघा हो जरा."

कोटलवार म्हणजे लॅबचा माणूस. पस्तिशीचा, गळ्यात ओळखपत्राचा पट्टा. तो वाकला, कळा बघत बघत दोन बोटांनी 'माननीय' मारलं. बरोबर आलं.

"येतंय की बाई."

"मी मारते तेव्हा येत नाही."

मॅडम हसल्या. "मशीन काय माणूस बघून अक्षर देतं?"

पुढच्या रांगेतला कुणीतरी खिदळला. माझ्या कानाच्या पाळ्या गरम झाल्या. मी म्हटलं, "तुम्ही इथं उभं राहून बघा. मग हसा."

आणि मी मारून दाखवलं. कळांकडं न बघता, सरांनी शिकवलं तसं. ताललीय.

कोटलवार हसला नाही, हे त्याचं मला अजून आठवतं. तो खाली बसला, माझ्या बोटांशी डोळे नेले. "परत मारा. हळू. म कुठं मारता?"

"इथं. तर्जनीनं."

"तिथं त आहे. म त्याच्या शेजारी, मधल्या बोटाला."

"नाही ओ. म तर्जनीलाच असतो. मी इतकी वर्षं..."

"आणि ल?"

मी दाखवलं.

"तिथं न आहे. तुमचे म आणि त उलटे, ल आणि न उलटे. बाकी सगळं बरोबर." त्यानं मान वर केली. "कोणत्या क्लासला होतात?"

मी मुनीरकडं बघितलं. तो माझ्याकडं बघतच नव्हता.

"अक्का, ती फाइल," तो म्हणाला.

"कसली फाइल?"

"सरांची मशीनं मीच फॉरमॅट करतो ना. दर वेळी सर एक सीडी देतात. म्हणतात, मुनीर, आधी ही फाइल टाक, मग बाकीचं. डोईफोडे डॉट डीएलएल. मी कधी विचारलं नाही. वाटलं फॉन्टबिन्ट असंल. गेल्या साली तर एकदा बोलावून मुद्दाम परत टाकून घेतली. मला वाटलं व्हायरसनं उडाली."

कोटलवारनं कपाळाला हात लावला. "कीबोर्डची डीएलएल. स्वतःची बनवून घेतली सरांनी."

"म्हणजे काय?" मी विचारलं.

त्यानं घड्याळ बघितलं आणि भराभर सांगितलं. "तुम्ही कळ दाबता तेव्हा मशीनला अक्षर जात नाही, बाई. नुसता नंबर जातो. सतरा नंबरची कळ दाबली, अठरा नंबरची दाबली. त्या नंबराचं अक्षर कोणतं, हे विंडोज एका फाइलला विचारतं. ती फाइल म्हणजे ही. ती स्वतःहून काही करत नाही, तिच्यावर डबल क्लिक केलं तरी ढिम्म. कुणी बोलावलं की जागी होते, विचारलं तेवढं सांगते. इथल्या फाइलला विचारलं तर ती सांगते सतरा म्हणजे म. तुमच्या सरांची फाइल सांगते सतरा म्हणजे त."

"आणि बरोबर कोणतं?"

"सगळ्या महाराष्ट्रात इथली."

तेव्हा माझ्या डोक्यात एकेक बसत गेलं. सरांकडं टाइपरायटरचं एक जुनं काळं यंत्र होतं, हैदराबादेहून आणलेलं. निजामाच्या वेळच्या कुठल्या कचेरीतलं, असं ते अभिमानानं सांगायचे. सर त्याच्यावर शिकले. पुढं क्लाससाठी जेवढी यंत्रं घेतली, तेवढ्यांचे अक्षरांचे खिळे त्यांनी मिस्त्रीकडून त्याच क्रमानं बसवून घेतले. ते कुणाच्या लक्षात येण्याचं कारणच नव्हतं, कारण तेव्हा परीक्षेला यंत्र आपलं आपणच न्यायचं असायचं. टेम्पोत घालून, घोंगडी टाकून, दोराने बांधून. सरांची पोरं सरांची यंत्रं घेऊन जायची आणि पास होऊन यायची. पुढं सरकारनं यंत्रं बंद केली, कॉम्प्युटर आणला. मग सरांचा जुना विद्यार्थी अनंता रुद्रवार, पुण्याला कंपनीत असलेला, दिवाळीला आला आणि क्लासच्या कॉम्प्युटरवर दोन दिवस बसून काहीतरी करून गेला. सरांनी पेढे वाटले होते. म्हणाले होते, "अनंतानं गुरुदक्षिणा दिली. आता कुणाला बोटं बदलायची गरज नाही." आम्ही पेढे खाल्ले. कसली दक्षिणा ते विचारलं नाही. सर्टिफिकेटची परीक्षाही सरांच्याच खोलीत, सरांच्याच कॉम्प्युटरवर झाली. शिक्का मारलेला कागद मिळाला. बाहेरच्या कीबोर्डवर माझं बोट त्या दिवशी पहिल्यांदा पडलं. मुनीरचं दुकानातलं काम तर सगळं इंग्रजीतच चालायचं.

"माझ्या बॅगेत पेनड्राइव्ह हाय," मुनीर कोटलवारला म्हणाला. "त्याच्यात ती फाइल हाय. टाका की दादा. दोन मिनिटांचं काम."

"चालणार नाही," मॅडम म्हणाल्या. "बाहेरची कुठलीही फाइल परीक्षेच्या मशीनवर टाकता येणार नाही."

"मॅडम, चार अक्षरांचा प्रश्न आहे," मी म्हटलं. "चार कळा. माझी सबंध नोकरी."

"तुमच्यासाठी टाकली तर उद्या बाकीचे कोर्टात जातील."

"जाऊ द्या की. कोर्टात जायला पैसे लागतात, त्यांच्याकडं असतील. आमच्याकडं हीच बोटं आहेत."

मॅडम वाईट बाई नव्हत्या. त्यांनी कोटलवारकडं बघितलं, आणि मला वाटतं त्याला डोळ्यानंच सांगितलं, काही करता येतं का बघ. कोटलवार बाहेर जाऊन पेनड्राइव्ह घेऊन आला. परीक्षेच्या मशीनला हात लावला नाही, स्वतःचा लॅपटॉप उघडला. आम्ही दोघं त्याच्या मागं उभे.

त्यानं बराच वेळ बघितलं. मग मान हलवली.

"परवानगी असती तरी झालं नसतं. ही बत्तीस बिटची आहे. तुमच्या सरांकडं जुनी विंडोज असेल, एक्सपी."

"एक्सपीच हाय," मुनीर म्हणाला.

"आमच्या सगळ्या मशीन चौसष्ट बिटच्या. कीबोर्डची फाइल विंडोजच्या अगदी पोटात बसते. तिथं बत्तीसची घेतच नाही."

"मग ती चौसष्टची करा," मी म्हटलं.

"कशी करू? ही मशीनच्या भाषेत तयार होऊन बसलेली आहे. ज्या मशीनसाठी केली त्याच्यासाठीच. मूळ लिहिलेलं असतं ते कुठंय? ज्यानं बनवली त्याच्याकडं?"

रुद्रवार दोन वर्षांपूर्वी परदेशी गेला होता. कोणत्या देशात, तेसुद्धा सरांना नीट सांगता येत नव्हतं.

"मग झालं. भाजलेल्या भाकरीतून पीठ काढायला सांगताय तुम्ही मला," कोटलवार म्हणाला. त्याच्या आवाजात चेष्टा नव्हती. त्याचाच आवाज पडला होता.

"सराव संपला," मॅडम म्हणाल्या. "जागेवर बसा."

मी जागेवर गेले. मागं वळून मुनीरला म्हटलं, "बघून मारू. कळा बघून. म मधल्या बोटाला. ध्यानात ठेव."

"कळांवर इंग्रजी छापलंय अक्का. काय बघायचं?"

खरंच. काय बघायचं?

उतारा पडद्यावर आला. टंचाई निवारणासाठी तालुक्यातील गावांना टँकरने पाणी पुरवण्याबाबत. मी शपथेवर सांगते, त्या उताऱ्यात म, त, ल आणि न यांच्याशिवाय काही नव्हतं असं मला वाटलं. सरकारी मराठी आहेच तशी, 'माननीय' आणि 'मान्यतेने' आणि 'तातडीने' यांनी भरलेली. मी पहिला शब्द मारला. डोकं म्हणालं मधलं बोट, बोट म्हणालं तर्जनी. मी थांबले. परत मारला. दुसरा शब्द. डोक्यानं प्रत्येक अक्षर तपासायचं, मग बोटाला सोडायचं, आणि सोडलं की बोट आपल्याच वाटेनं जायचं. मी पुसायचे. परत मारायचे. शेजारचा परभणीवाला दुसऱ्या परिच्छेदात गेला होता. मला रडू येत नव्हतं, मला माझ्या हाताला चावावंसं वाटत होतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मला माझी बोटं बापासारखी वाटली.

आणि मागून आवाज सुरू झाला. कडकडकडकड. न थांबता, न पुसता, एका लयीत. मी वळून बघू शकत नव्हते, पण तो आवाज मला माहीत होता. सरांच्या क्लासचा आवाज होता तो. मुनीर मारत होता. ताठ बसून, कळांकडं न बघता, जसं शिकवलं तसं, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत.

वेळ संपली. पडदा आपोआप गोठला. माझ्यापुढं आकडा आला, वेग एकोणीस. खाली लाल अक्षरात 'अपात्र'. मागं वळून मुनीरचा पडदा बघितला. त्याचा वेग माझ्या क्लासमधल्या वेगाएवढा होता. चुका जवळजवळ प्रत्येक शब्दात. 'अपात्र'.

कोटलवारनं पेनड्राइव्ह मुनीरच्या हातात ठेवला. म्हणाला, "तक्रार अर्ज करा." कुणाकडं ते त्यालाही माहीत नव्हतं. मॅडम पॅडवर सह्या घेत होत्या. माझी सही घेताना त्या म्हणाल्या, "पुढच्या वेळी योग्य संस्थेतून शिका." मी म्हटलं, "पुढची वेळ नाही मला." त्यांनी मान खाली घातली आणि पुढच्याची सही घेतली.

एसटीत मुनीर खिडकीकडं तोंड करून बसला. नायगाव गेल्यावर मी विचारलं, "तसं कशाला मारलंस? सगळं चूक होणार हे माहीत असून?"

"तुम्ही बरोबर करायला गेलात, तरी झालं का बरोबर?"

"नाही."

"मग. चुकत चुकत नापास व्हायचं नव्हतं मला, अक्का. माझ्यापरीनं बरोबर मारलं आणि नापास झालो." मग म्हणाला, "मी अजून दोनदा बसू शकतो. माझं वय हाय. तुमचं..."

"माझं बोलू नको."

"बरं."

"ती फाइल कुठं असते सरांच्या कॉम्प्युटरमध्ये?"

त्यानं वळून बघितलं. "कशाला?"

"सांग."

"सी मध्ये विंडोज, त्याच्यात सिस्टीम बत्तीस. पण अक्का, सरांना काही बोलू नका. म्हातारा माणूस हाय."

"मी काय तरणी राहिले?"

देगलूरला उतरल्यावर तो दुकानाकडं गेला. मी घरी गेले नाही. सरळ क्लासला गेले. दिवस मावळायचा होता. आडत बाजारातल्या धान्याच्या दुकानावरची ती लांबट खोली. जिन्यातच कळांचा आवाज ऐकू आला. आत दहाबारा पोरी रांगेनं बसल्या होत्या, पाठी ताठ, नजर समोरच्या कागदावर. कुणीही कळांकडं बघत नव्हतं. सर रांगेतून फिरत होते, हातात बटणाचं घड्याळ नाही का, वेळ मोजायचं, स्टॉपवॉच, ते.

"ये चंद्रकला," त्यांचा चेहरा उजळला. "कशी झाली? सकाळी नारळ फोडलाय तुझ्या नावानं."

मी त्यांच्या टेबलामागं गेले, त्यांच्या खुर्चीत बसले. मी त्यांच्या खुर्चीत कधी बसले नव्हते. सी उघडलं, विंडोज उघडलं, सिस्टीम बत्तीस उघडलं. हजारो फायली. सगळ्या एकसारख्या, दोन दातेरी चक्रांचं चित्र असलेल्या, कशाला आहेत ते कुणालाच माहीत नसलेल्या. डी वर गेले. सापडली. डोईफोडे. एवढीशी. एका फोटोपेक्षाही लहान.

मी डिलीटची कळ दाबली.

इंग्रजीत चौकट आली. कशीबशी लावून वाचली. ही फाइल काढता येत नाही. दुसरी व्यक्ती किंवा दुसरा प्रोग्रॅम ती वापरत आहे.

परत दाबली. तीच चौकट.

"जात नाही ती अशी," सर म्हणाले.

ते माझ्या मागं येऊन उभे होते. रागावले नव्हते. आवाज अगदी शांत होता, चूक सुधारताना असायचा तसा.

"चालू असताना जात नाही. आधी कीबोर्डच्या यादीतून काढायची. मग मशीन बंद करून चालू करायचं. मग जाते."

मी खुर्ची फिरवली. "तुम्हाला कसं माहीत?"

सरांनी टेबलावरचे उताऱ्यांचे कागद सारखे केले.

"सर. तुम्हाला कसं माहीत?"

"काढली होती मी." त्यांनी पोरींकडं बघितलं आणि आवाज आणखी खाली आणला. "गेल्या साली कुंटूरची एक पोरगी आली होती परीक्षेहून. रडत. म्हणाली, सर, तिथं अक्षरं उलटी आहेत. मी तिला म्हटलं, तुझं मन थाऱ्यावर नव्हतं. ती गेली. मग मी चौकशी केली. नांदेडला जाऊन बघून आलो एका क्लासात. तिचं खरं होतं."

"मग?"

"रविवारी क्लास बंद ठेवला आणि सगळ्या मशीनवरची काढून टाकली. सोमवारी पोरी आल्या. म्हटलं, थांबा, आधी मी उतारा मारून दाखवतो. बसलो." त्यांनी आपले हात पुढं केले. लांब, स्वच्छ, नखं कापलेली बोटं. अख्ख्या तालुक्यात तशी बोटं कुणाची नव्हती. "एक ओळ आली नाही मला, चंद्रकला. पोरींसमोर. एक ओळ."

"शिकायचं. आम्हाला नाही का शिकवलं?"

"सकाळी दार लावून बसायचो. महिनाभर बसलो. वळत नाहीत. चाळीस वर्षं ही बोटं..."

"म्हणून मुनीरला बोलावून परत टाकून घेतली."

"हो."

"आणि मला काल पेढा दिला. जा म्हणालात. यश घेऊन ये म्हणालात."

"मला वाटलं, तिकडं काही सोय करून देतील. आणि तू हुशार. तू सांभाळून घेशील असं..."

"वाटलं!" मी उभी राहिले. माझा आवाज फुटला. "तुम्हाला वाटलं! नुसतं सांगितलं असतं मला. गेल्या साली. फक्त एवढंच, की चंद्रकला, चार कळा उलट्या आहेत, दुसरीकडं जाऊन शीक. वर्ष होतं माझ्याकडं सर! मी नांदेडला भांडी घासत राहून शिकले असते!"

कळा थांबल्या. सगळ्या पोरी वळून बघत होत्या.

"आणि क्लासचं काय?" सर हळूच म्हणाले. "सगळ्यांना कळलं असतं. आजपर्यंत जे कुणी इथून गेले त्यांना. मला या गावात डोईफोडे सर म्हणतात. ते काढून घेतलं तर माझ्याकडं आहे काय?"

मला त्यांची दया आली असती तर बरं झालं असतं. मला नाही आली. आजही येत नाही. ते वारले तेव्हा गावानं मोठी शोकसभा घेतली, मी गेले नाही. मला बोलावलं होतं, दोन शब्द बोला म्हणून, जुन्या विद्यार्थिनी म्हणून. मी पाणीपट्टीच्या खिडकीतून सांगितलं, वेळ नाही.

मी टेबलाला वळसा घालून पोरींसमोर गेले. म्हटलं, "उठा. इथं जे शिकायलात तो कीबोर्ड या खोलीबाहेर कुठंच नाही. जगात कुठंच नाही. मी आत्ता त्याच्यामुळंच नापास होऊन आलेय. उठा."

कुणी उठलं नाही. त्यांनी माझ्याकडं बघितलं, मग सरांकडं. सर खिडकीशी उभे होते. ते खोटं बोलले असते तर मी भांडले असते. ते नुसते वेळ मोजायच्या त्या घड्याळाकडं बघत राहिले.

पहिल्या रांगेत एक मुलगी होती, हाणेगावची. शिवकांता नाव. डोक्याला तेल, दोन वेण्या, क्लासमध्ये माझ्यानंतर तिचाच वेग. तिनं विचारलं, "काकू, मग कुठं जायचं आम्ही? दुसरा क्लास कुठंय?"

"नांदेडला."

"नांदेडला कोण सोडतंय?" ती म्हणाली. बाजूची पोरगी हसली. शिवकांताच पुढं म्हणाली, "इथंच यायला भावाला हातापाया पडून परवानगी घेतलीय. चार महिन्यांत सर्टिफिकेट नाही मिळालं तर लग्न ठरवणार म्हणलाय. सर्टिफिकेट तर मिळंल ना सर?"

"मिळेल," सर म्हणाले.

ते खरं होतं. सर्टिफिकेट मिळणारच होतं. मलाही मिळालं होतं.

"त्या कागदाचा काही उपयोग नाही, शिवकांता."

"दाखवायला तर होईल, काकू."

सरांनी घसा साफ केला. "उतारा दुसरा. तयार?" त्यांनी बटण दाबलं.

खोलीभर कळा सुरू झाल्या. सगळ्या एकदम, एका लयीत. शिवकांताची तर्जनी म वर पडली, मधलं बोट त वर. किती सुंदर मारत होती ती. माझ्यापेक्षाही हलकी. मी पुढं झाले आणि तिचं मनगट धरलं. घट्ट धरलं. तिनं वर बघितलं, राग नाही, काही नाही, नुसती घाई.

"काकू, हात सोडा ना," ती म्हणाली. "माझा वेळ चाललाय."

मी सोडला.